कोठीघरातली काळी पेटी: वाचकांचे प्रश्न

दिवाळी अंकात आलेल्या एका कथेमुळे गेले दोन महिने या सदराकडे येणारी बहुतेक पत्रे एकाच वस्तूविषयी आहेत, आणि संपादकांनी ती सगळी एका पिशवीत घालून माझ्या घरी पोहोचवली आहेत. ज्यांनी ती कथा वाचली नसेल त्यांच्यासाठी तिचा गोषवारा देतो. इंदूरच्या रामबागेतला एक जुना वाडा पाडायला काढतात, तेव्हा कोठीघरात, धान्याच्या बळदामागे एक काळी घनाकार पेटी सापडते. तिची प्रत्येक बाजू जेमतेम वीतभर आहे, पण आत गव्हाची दहा पोती मावतात. तिला बोटाने ढकलून दुसऱ्या अंगावर उलटवले की वजन पाच किलोवरून दोन किलोवर येते. उन्हात ठेवली तरी तिची सावली पडत नाही. रात्री आत ठेवलेली डाव्या पायाची चप्पल सकाळी उजव्या पायाची होऊन निघते. शेवटी एके दुपारी, घरातली आजी अंगणात पाहत असतानाच, ती पेटी आक्रसत जाऊन नाहीशी होते.

मी आयुष्यभर भौतिकशास्त्र शिकवले, साहित्य नव्हे. म्हणून कथा कशी आहे यावर काही लिहीत नाही. पेटी मात्र काल्पनिक असली तरी तिच्याविषयीचे प्रश्न खरे आहेत, आणि गंमत अशी की ज्या चमत्कारावर वाचकांनी सर्वांत जास्त हरकत घेतली तो चमत्कार भूमितीला मान्य आहे, तर ज्याला जवळजवळ कोणीच हरकत घेतली नाही तो सगळे भौतिकशास्त्र मोडून टाकणारा आहे. त्याविषयी शेवटी लिहितो.

प्रश्न : (स्नेहलतागंज येथील एक आजी) चपलेचा प्रसंग वाचून मला हसूच आले. डावी चप्पल उजवी होत असती तर जोडातली एक हरवल्यावर आम्ही दुसरी टाकून कशाला दिली असती? पण माझा नातू म्हणतो, की गणिताने हे होऊ शकते. तो मला बनवतो आहे का?

उत्तर : आजी, नातू आपल्याला बनवत नाही, आणि त्याचे म्हणणे पडताळण्यासाठी कातर आणि जाड कागद एवढेच सामान पुरेल. दिवाळीला उंबऱ्यापासून देवघरापर्यंत आपण लक्ष्मीची पावले काढता, त्यांतले डावे पाऊल कागदावर काढून कापून घ्या आणि फरशीवर ठेवा. आता ते फरशीवरून न उचलता हवे तसे सरकवा, गोल फिरवा, पार देवघरात नेऊन परत आणा. ते डावेच राहील. फरशी हेच जिचे सगळे जग आहे, जिला वर किंवा खाली ही दिशाच ठाऊक नाही, अशा एखाद्या मुंगीला विचारले तर ती शपथेवर सांगेल की डाव्याचे उजवे होणे शक्य नाही. आपण मात्र ते पाऊल उचलतो, पालथे करतो आणि परत ठेवतो. अंगठा उजवीकडून डावीकडे गेला आणि पाऊल उजवे झाले. कागद फाडला नाही, ताणला नाही, फक्त मुंगीला ठाऊक नसलेल्या तिसऱ्या दिशेतून तो फिरवून आणला.

चपलेची गोष्ट हीच आहे, फक्त एक पायरी वर. लांबी, रुंदी आणि उंची या आपल्या तीन दिशांना काटकोनात असलेली आणखी एक दिशा उपलब्ध असती, तर तिच्यातून अर्धा फेरा देऊन परत आणलेली डावी चप्पल उजवी होऊनच आली असती. आउगुस्ट मोबियस या जर्मन गणितज्ञाने १८२७ मध्येच हे लिहून ठेवले होते, आणि तशी दिशा आपल्याला मिळणार नसल्याने हे प्रत्यक्षात घडवता येणार नाही हेही त्यानेच पुढे जोडले होते.

लेखिकेकडून या प्रसंगात एक गोष्ट मात्र निसटली आहे. चपलेच्या आतल्या बाजूला क्रमांक छापलेला असतो. चप्पल उलटून आली तर तो आकडाही आरशातल्यासारखा उलटा दिसायला हवा होता. इतवारिया बाजारातल्या काच मंदिरात समोरासमोरच्या आरशांमध्ये उभे राहिलात तर हे नीट दिसते: पहिल्या प्रतिबिंबात साडीचा पदर दुसऱ्या खांद्यावर गेलेला असतो, त्या प्रतिबिंबाच्या प्रतिबिंबात तो पुन्हा मूळ खांद्यावर येतो, आणि असे आलटून पालटून दूरपर्यंत चालते. त्याच न्यायाने पेटीत दोन रात्री ठेवलेली चप्पल पुन्हा डावी होऊन, आकड्यासकट सुलट होऊन निघाली पाहिजे.

आणि घरातले एखादे पोर चुकून रात्रभर त्या पेटीत झोपले असते तर? सकाळी त्याचे हृदय उजवीकडे असते, एवढ्यावर भागले नसते. आपल्या शरीरातली प्रथिने आणि आपण खातो ती साखर यांच्या रेणूंनाही डावे-उजवे असते. लुई पाश्चर याने १८४८ मध्ये टार्टारिक आम्लाच्या एका क्षाराचे डावे आणि उजवे स्फटिक चिमट्याने वेगळे काढले, तेव्हापासून हे ठाऊक आहे. उलटून आलेल्या मुलाला इंदूरचे पोहे आणि जिलबी पोटभर खाऊ घातली असती, तरी त्या जिलबीतली साखर त्याच्या उलट्या पाचकद्रव्यांना पचवता आली नसती, आणि भरल्या ताटावर त्याची उपासमार झाली असती.

प्रश्न : (देवास येथील एक वाचक) चौथ्या मितीचा प्रयोग जर्मनीत प्रत्यक्ष झाला होता आणि एका प्राध्यापकाने तो पाहिला होता, असे मी ऐकले आहे. मग ही केवळ कल्पना कशी?

उत्तर : आपण ऐकले ते घडले होते, पण ज्याला प्रयोग म्हणावे असे ते नव्हते. लाइपझिग विद्यापीठातले खगोलभौतिकीचे प्राध्यापक योहान झोलनर यांनी डिसेंबर १८७७ मध्ये हेन्री स्लेड नावाच्या अमेरिकन माध्यमाला, म्हणजे मृतात्म्यांशी संपर्क असल्याचा दावा करणाऱ्या माणसाला, बोलावून घेतले. दोन्ही टोके लाखेने बंद केलेली एक दोरी झोलनर यांनी समोर ठेवली आणि थोड्या वेळाने तिच्यावर गाठी पडलेल्या आढळल्या. टोके मोकळी न करता, दोरी न कापता गाठ मारणे आपल्या जगात अशक्य आहे. जानव्याचे वेढे हातात घेऊन पाहिले तर ते लगेच कळते. चौथी दिशा उपलब्ध असेल तर मात्र दोरीचा एक पदर त्या दिशेने किंचित बाजूला घेऊन दुसऱ्या पदरापलीकडे ठेवता येतो आणि गाठ पडते किंवा सुटते. गणिताचा हा भाग झोलनर यांनी बरोबर मांडला होता.

स्लेडचा लौकिक मात्र त्यांनी विचारात घेतला नाही. आदल्याच वर्षी लंडनच्या न्यायालयाने त्याला फसवणुकीबद्दल शिक्षा सुनावली होती आणि तो अपिलात तांत्रिक मुद्द्यावर सुटला होता. शिवाय झोलनर यांनी ज्या खरोखर कठीण परीक्षा ठरवल्या होत्या त्यांत काय झाले हे पाहण्यासारखे आहे. अखंड लाकडातून कोरलेल्या दोन कड्या एकमेकींत अडकवून दाखवायच्या होत्या. त्या अडकल्या नाहीत, तर एका टेबलाच्या पायाभोवती सापडल्या. उजव्या टार्टारिक आम्लाचे डावे करून दाखवायचे होते. तेही झाले नाही. अडकलेल्या कड्या पुढच्या पिढ्यांनाही तपासता आल्या असत्या, टेबलाच्या पायातल्या कड्यांचे तसे नाही. पायाभोवती कडी कशी घालावी हे कोणत्याही सुताराला विचारावे.

प्रश्न : (महाविद्यालयात गणित शिकणारा विद्यार्थी, टिळकनगर) बाहेरून वीतभर आणि आत दहा पोती ही गोष्ट आकारमानाच्या सूत्रालाच धरून नाही. बाजूचा घन केला की आकारमान ठरले. यात भूमितीला पळवाट कुठे आहे?

उत्तर : पळवाटा दोन आहेत, आणि आपण म्हणता ते सूत्र ज्या गृहीतावर उभे आहे ते गृहीत दोन्हींत वेगवेगळ्या ठिकाणी मोडते.

पहिली पळवाट सोपी आहे. इंदूरचा कागदावरचा नकाशा घ्या आणि त्या कागदावरच राहणारा, उंची न जाणणारा एखादा सपाट प्राणी कल्पून पाहा. त्याला राजवाडा म्हणजे नकाशावरचा एक चौकोन. त्या चौकोनात किती माणसे मावतील हे तो क्षेत्रफळावरून काढेल आणि त्याचा हिशेब चुकेल, कारण राजवाडा सात मजली आहे आणि मजले ज्या दिशेने एकावर एक चढले आहेत ती दिशा त्याच्या जगातच नाही. आपली पेटी तशीच चौथ्या दिशेने मजले चढवलेली असेल, तर वीतभर चौथऱ्यावर दहा पोती सहज राहतील. लांबी-रुंदी-उंचीबरोबर चौथ्या दिशेनेही तेवढीच बाजू असलेल्या आकृतीला इंग्रज गणितज्ञ चार्ल्स हॉवर्ड हिंटन याने १८८८ मध्ये टेसरॅक्ट हे नाव दिले. तिला १६ कोपरे, ३२ कडा, २४ चौरस पृष्ठे आणि त्यांनी वेढलेले ८ घन असतात. तिचा सर्वांत लांब कर्ण बाजूच्या बरोबर दुप्पट भरतो. चौरसात वर्गमूळ दोन, घनात वर्गमूळ तीन आणि इथे वर्गमूळ चार, म्हणजे सरळ दोन. हा हिशेब मी फळ्यावर मांडला की मागच्या बाकावरची मुलेसुद्धा मान वर करत.

दुसऱ्या पळवाटेला चौथी दिशाही लागत नाही. जागा स्वतःच वाकलेली असेल तर बाहेरच्या पृष्ठभागावरून आतले आकारमान काढण्याचे आपले सूत्र चुकते, आणि वस्तुमान जागेला वाकवते हे आइनस्टाइन यांचा १९१५ चा सिद्धांत सांगतो. हे दूरच्या ताऱ्यांपुरते नाही. पृथ्वीचा पृष्ठभाग मोजून शाळेतल्या सूत्राने तिची त्रिज्या काढली आणि मग खरोखर केंद्रापर्यंत भोक पाडून पट्टीने मोजली, तर पट्टीचे उत्तर सुमारे दीड मिलिमीटरने जास्त येईल. सूर्याच्या बाबतीत हा फरक जवळजवळ अर्धा किलोमीटर आहे. म्हणजे बाहेरून दिसते त्यापेक्षा आत मोठी असलेली पेटी आपल्या पायाखालीच आहे. फक्त तिचा मोठेपणा ज्वारीच्या दाण्याहूनही कमी आहे.

हाच फरक मीटरभर हवा असेल तर या हिशेबाने दोन गुरू ग्रहांहून अधिक वस्तुमान लागेल. एवढे वस्तुमान वीतभर पेटीत कोंबले तर हा सोपा हिशेब लागूच राहत नाही, कारण त्याचे सुमारे सहा मीटर त्रिज्येचे कृष्णविवर होईल आणि पेटी, कोठीघर व बळद सगळे त्याच्या आत जाईल. तेव्हा लेखिकेने पहिली पळवाट वापरली असे समजणे रामबागेच्या दृष्टीने बरे.

जाता जाता सांगतो. माप घेणाऱ्यानुसार माप बदलते ही गोष्ट आपल्याच शहरात रोज घडते. राजा रामण्णा प्रगत तंत्रज्ञान केंद्रातल्या इंडस-२ या यंत्रात इलेक्ट्रॉन अडीच अब्ज इलेक्ट्रॉन-व्होल्ट ऊर्जेने फिरतात. त्या वेगाने जाणाऱ्या इलेक्ट्रॉनच्या हिशेबाने आपल्या एक मीटर लांबीच्या सरळ नळीची लांबी मिलिमीटरच्या पाचव्या भागाएवढी असते. यात इलेक्ट्रॉनचे मोजमाप चुकलेले नसते आणि आपलेही नाही.

प्रश्न : (नारायणबाग येथील एक शिक्षिका) सावली न पडणारी वस्तू असू शकते का?

उत्तर : असू शकते, पण ती काळी असू शकत नाही. वस्तू काळी दिसते, कारण तिच्यावर पडलेला प्रकाश ती गिळून टाकते, आणि गिळलेला प्रकाश पलीकडे पोहोचत नाही म्हणून तिथे सावली पडते. काळेपणा आणि सावली ही एकाच जमाखर्चाची दोन पाने आहेत. पेटी काचेसारखी पारदर्शक असती तर सावली पुसट झाली असती, आणि प्रकाश तिला वळसा घालून जात असता तर सावलीबरोबर पेटीही दिसेनाशी झाली असती. लेखिकेने इथे एकच शब्द बदलायला हवा होता.

एक सोय मात्र होती. इंदूर कर्कवृत्ताच्या किंचित दक्षिणेला असल्याने वर्षातून दोनदा, जून महिन्यात एकदा आणि जुलैच्या सुरुवातीला एकदा, दुपारी साडेबाराच्या सुमारास सूर्य बरोबर डोक्यावर येतो आणि सरळ उभ्या वस्तूची सावली तिच्या तळाखाली लपते. कथेतला सावलीचा प्रसंग त्या दिवशी घडवला असता तर पेटीवर आळ आला नसता. पण प्रसंग दिवाळीतला आहे.

प्रश्न : (इयत्ता आठवीतला विद्यार्थी, सुदामानगर) काका, पेटी जाताना आक्रसत गेली असे लिहिले आहे. चौथ्या मितीत जाताना ती लहान लहान घन होत जाईल का?

उत्तर : बाळा, प्रश्न फार चांगला आहे, आणि याचे उत्तर मी सांगण्याआधी तू स्वयंपाकघरातून एक मोठा बटाटा आण. आईला विचारून तो चारी बाजूंनी सपाट कापून त्याचा घन, म्हणजे फाशाच्या आकाराचा ठोकळा कर. आता तो ठोकळा दोन बोटांत असा धर की एक कोपरा बरोबर खाली आणि त्याच्या समोरचा कोपरा बरोबर वर येईल, आणि पाण्याने भरलेल्या परातीत हळूहळू बुडव. पाण्याच्या पृष्ठभागावर बटाट्याची जी आकृती उमटते तिच्याकडे पाहत राहा. आधी एक ठिपका दिसेल, मग लहान त्रिकोण, मग मोठा त्रिकोण, मग त्याची टोके छाटली जाऊन बरोबर मध्यावर सहा सारख्या बाजूंचा षट्कोन, आणि तिथून उलट्या क्रमाने पुन्हा त्रिकोण आणि ठिपका. चौकोन एकदाही दिसणार नाही. पाण्याच्या पृष्ठभागावर राहणाऱ्या प्राण्याला कोणी सांगितले की हा सगळा तमाशा चौरसांनी बनलेल्या ठोकळ्याचा होता, तर त्याला ते खरे वाटणार नाही.

आपले जग हा तो पृष्ठभाग मानला तर टेसरॅक्ट कोपऱ्याच्या बाजूने निघून जाताना आपल्याला घन दिसणारच नाही. मध्यावर असताना तो आठ त्रिकोणी पृष्ठांचा अष्टफलक असेल. दोन चौरस तळांचे पिरॅमिड तळाला तळ लावून चिकटवल्यावर दिसतो तसा. तिथून त्याचा कोपरे छाटलेला चतुष्फलक होईल, मग चार त्रिकोणांचा साधा चतुष्फलक, आणि तो लहान होत होत ठिपक्यासारखा विझेल. मात्र टेसरॅक्ट सपाट अंगाने निघाला, म्हणजे त्याचा एक पूर्ण घन आपल्या जगाला समांतर ठेवून तो सरकला, तर आक्रसणे वगैरे काही होणार नाही. अंगणात पूर्ण पेटी असेल आणि पुढच्या क्षणी नसेल.

म्हणून घनाकार राहूनच आक्रसत गेली हे लेखिकेचे वर्णन दोन्ही प्रकारांत बसत नाही. चौथ्या दिशेने निमुळती होत गेलेली, शिखरासारखी आकृती असती तर मात्र तसे झाले असते. त्या आकृतीला घनाच्या तळावर उभारलेला चार मितींचा पिरॅमिड म्हणता येईल. तू मोठा झाल्यावर हे लेखिकेला समजावून सांग; मी सांगितले तर तिला वाटेल मास्तर खोड्या काढतात.

प्रश्न : (लोकमान्यनगर) अशक्य त्रिकोणाचे, म्हणजे कागदावर काढता येतो पण प्रत्यक्षात बांधता येत नाही अशा त्रिकोणाचे, चित्र पाहून मी काडेपेट्यांचा तसा त्रिकोण करण्याचा प्रयत्न केला, पण तिसरा कोपरा जुळत नाही. माझे काय चुकते आहे?

उत्तर : काहीच चुकत नाही, तिसरा कोपरा जुळवूच नका. स्वीडिश चित्रकार ऑस्कर रॉयटर्सवॉर्ड याने १९३४ मध्ये रेखाटलेला आणि लायोनेल व रॉजर पेनरोझ या पितापुत्रांनी १९५८ मध्ये मानसशास्त्राच्या नियतकालिकातून प्रसिद्धीस आणलेला हा त्रिकोण खरोखर बंद झालेला नसतो. एकमेकींना काटकोनात असलेल्या तीन पट्ट्या जोडा, शेवटची दोन टोके हवेत दूर ठेवा, आणि एक डोळा मिटून अशा जागेवरून पाहा की जिथून ती टोके एकमेकांवर आल्यासारखी दिसतील. चार बोटे बाजूला सरकलात की भ्रम मोडतो. या पुत्राला २०२० मध्ये भौतिकशास्त्राचे नोबेल मिळाले, ते अर्थातच कृष्णविवरांवरच्या कामासाठी.

प्रश्न : (निवृत्त अभियंता, राजेंद्रनगर) कथेतले बाकी सगळे थोतांड आहे. पटण्यासारखी एकच गोष्ट आहे ती वजनाची, कारण पेटीच्या आत शिशाचा मोकळा गोळा असेल तर ती उलटवल्यावर वजन बदलेल. लेखिकेने निदान एवढे तरी शास्त्राला धरून लिहिले, याबद्दल तिचे अभिनंदन केले पाहिजे.

उत्तर : आपल्या अनुभवाचा आदर ठेवूनही या पत्राशी मला पूर्ण असहमती नोंदवावी लागते. शिशाचा गोळा आत घरंगळला तर पेटी कोणत्या बाजूला कलते, कोणत्या अंगावर स्थिर बसते, हातात घेतल्यावर कोणत्या टोकाला जड वाटते, हे सगळे बदलेल. पण तराजूचा काटा हलणार नाही. पेटी आणि गोळा मिळून पाच किलो असतील, तर गोळा वर असो की खाली, काटा पाचच दाखवेल. भाजीवाल्याच्या पारड्यात नारळ आडवा ठेवला काय आणि उभा ठेवला काय, दाम तेवढेच.

एका अंगावर पाच किलो आणि दुसऱ्या अंगावर दोन किलो, आणि उलटवायला फक्त बोटाचा धक्का, ही अट मान्य केली की काय होते ते पाहा. वाड्याच्या विहिरीवर रहाट बसवा. पेटी वर असताना ती पाच किलोच्या अंगावर ठेवा आणि तिला एक मीटर खाली उतरू द्या. उतरताना ती दोराने दुसऱ्या बाजूचे ओझे वर खेचेल. खाली पोहोचल्यावर बोटाने उलटवून ती दोन किलोची करा आणि परत वर चढवा. उतरताना मिळालेले काम पाच किलोचे, चढवताना खर्च झालेले दोन किलोचे. उरलेले तीन किलोचे, म्हणजे सुमारे २९ ज्यूल, प्रत्येक फेरीला फुकट हातात. असे फेरे घालत राहिले तर पाणी शेंदता येईल, पिठाची गिरणी चालवता येईल, दिवे लावता येतील, आणि कोळसा, पाऊस किंवा सूर्य यांपैकी कशाचीही गरज उरणार नाही. चौथ्या मितीने कोणताही नियम मोडला नव्हता, फक्त जागा वाढवली होती. या तीन किलोंनी ऊर्जा अक्षय्यतेचा नियम मोडला, आणि त्याच्यामागे बाकीची शिस्त एकेक करून ढासळते.

या मोहाला आपल्याकडे जुनी परंपरा आहे, आणि तीही थोर माणसाची. भास्कराचार्यांनी ११५० च्या सुमारास सिद्धान्तशिरोमणीच्या यंत्राध्यायात एका चाकाचे वर्णन केले आहे. त्याच्या पोकळ, वाकड्या आऱ्या अर्ध्याअर्ध्या पाऱ्याने भरायच्या. पारा एका बाजूला बाहेर जाईल, दुसऱ्या बाजूला आत येईल, आणि जड बाजू सतत खाली जात राहून चाक आपोआप फिरत राहील. चाकाच्या एका बाजूला पारा दूर जातो हे खरे आहे, पण दुसऱ्या बाजूला तो आसाजवळ असला तरी जास्त आऱ्यांमध्ये असतो, आणि दोन्ही बाजूंचा हिशेब जुळून चाक थांबते. लीलावती लिहिणाऱ्या माणसाला हे निसटले असेल, तर एका कथेतल्या वाक्यामुळे आपल्याला चकवा बसला याचे वैषम्य वाटू नये.

आता या वजनाच्या चमत्काराची सोडवणूक करता येते का? येते, आणि माझ्या मते त्यामुळे कथा अधिक चांगली होते. ऊर्जेचा नियम टिकवायचा असेल तर फेरीला फुकट मिळणारे ते २९ ज्यूल कुठेतरी भरावे लागतील, आणि ती भरण्याची एकच जागा आहे, ती म्हणजे पेटी उलटवण्याची क्रिया. कोठीघरात जमिनीवर ती बोटाने उलटत असेल तर हरकत नाही. पण जमिनीपासून जितके वर न्याल तितके तिला हलक्या अंगावरून जड अंगावर आणणे कठीण व्हायला हवे, आणि जड अंगावरून हलक्यावर आणताना तेवढ्याच जोराने तिने हाताला झटका देऊन उलटायला हवे. विहिरीत उतरवली तर हे सगळे उलट्या बाजूने घडेल. अशी पेटी जिन्याच्या प्रत्येक पायरीवर वेगळी वागेल, आणि ती पायरीनुसार कशी वागते यावरूनच ती कोणत्या उंचीवर आहे हे डोळे मिटून सांगता येईल.

लेखिकेला मी हे कळवले, तेव्हा तिने उलट टपाली एकच प्रश्न विचारला: गच्चीवर नेली तर किती जोर लागेल? तिच्या कथेतली गच्ची कोठीघराच्या जमिनीपासून ९ मीटर उंच आहे. वजनातला फरक तीन किलोचा, उंची नऊ मीटर. म्हणजे हलक्या अंगावरून जड अंगावर उलटवण्याचे काम २७ किलोचे ओझे मीटरभर उचलण्याइतके. गव्हाच्या अर्ध्या पोत्याहून ते थोडे जास्तच भरते. शेवटच्या प्रकरणात आजी गच्चीवर एकटीच पेटी उलटवताना दाखवली आहे, ते जमायचे नाही. तिला खाली वाकून नातवाला हाक मारावी लागेल.